ढोल वाजला म्हणून अंगात येतं? एका जुन्या शोधनिबंधाची उलटतपासणी

‘ढोल ठराविक लयीत वाजत राहिला की मेंदूच्या लहरी त्या लयीला जुळतात आणि माणूस तंद्रीत जातो. अंगात येणं म्हणजे दुसरं काही नाही.’ हे स्पष्टीकरण तुम्ही कुठे ना कुठे ऐकलं असणार. व्याख्यानात, रविवारच्या पुरवणीत, नाहीतर कॉलेजच्या कट्ट्यावर. ऐकायला ते शास्त्रीय वाटतं. त्यात मेंदू आहे, लहरी आहेत, देव कुठेच नाही. देव न मानणाऱ्याला ते लगेच पटतं. मानणाऱ्यालाही ते फारसं टोचत नाही, कारण ‘वाद्यात शक्ती असते’ असं तो आधीपासूनच म्हणत असतो. दोन्ही बाजूंना एवढ्या सहज पटणारं वाक्य संशोधन करणाऱ्याने जरा जास्तच तपासून घ्यावं. आज तेच करू.

पाथर्डी तालुक्यात हा प्रश्न पुस्तकी नाही. नवरात्रात मोहटादेवीच्या गडावर रीघ लागते. मढीला कानिफनाथांची यात्रा होळीपासून गुढीपाडव्यापर्यंत चालते, रंगपंचमीला तिथे गर्दी मावत नाही, आणि काठ्या घेऊन येणाऱ्या भाविकांबरोबर डफ-ढोलही गड चढतात. संबळ, हलगी, ढोल, ताशा हे आवाज इथल्या पोरांच्या कानात शाळेत जायच्या आधीच बसलेले असतात. आणि जिच्या अंगात येतं ती बाई कुणाची तरी आई, आत्या, चुलती असते. तिच्याबद्दल आपण काय बोलतो, यावर घरात तिला कशी वागणूक मिळते, तिला डॉक्टरकडे न्यायचं की नाही, हे ठरतं. ‘ढोलामुळे होतं’ म्हटलं की विषय संपतो. मग तिला काही विचारायची गरजच उरत नाही. म्हणून हे वाक्य खरं आहे का, हे बघणं माझ्या मते महत्त्वाचं आहे.

मूळ कुठे आहे?

या स्पष्टीकरणाचा माग काढत मागे गेलात तर बहुतेक वाटा अँड्र्यू नेहर या अमेरिकन संशोधकापाशी जातात. त्यांचे दोन निबंध आहेत. १९६१ सालचा निबंध प्रयोगाचा. त्यात १० निरोगी माणसांच्या डोक्याला इलेक्ट्रोड लावून त्यांना ढोलाचे ठोके ऐकवले, सेकंदाला ३, ४, ६ आणि ८ अशा गतींनी, आणि ईईजीवर मेंदूच्या विद्युत लहरी नोंदवल्या. ठोक्यांच्या गतीशी जुळणाऱ्या लहरी मिळाल्या. १९६२ सालचा दुसरा निबंध सिद्धांताचा. ज्या विधींमध्ये ढोल वाजतात तिथे माणसं जे विलक्षण वागतात, त्याचं शारीरिक कारण हेच असावं, असं त्यात मांडलं आहे.

टीका करण्याआधी निबंधाची ताकद समजून घ्यायची सवय लावा. नेहर यांचा तर्क भोळसट नव्हता. १९४०च्या दशकात ग्रे वॉल्टर यांनी दाखवलं होतं की लुकलुकणारा प्रकाश डोळ्यांसमोर धरला की मेंदूच्या लहरी त्या गतीला प्रतिसाद देतात, आणि काही माणसांना त्याने झटकेसुद्धा येऊ शकतात. नेहर यांनी विचारलं, मग आवाजाने असं होईल का? आणि ढोलच का, यालाही त्यांच्याकडे उत्तर होतं. ढोलाच्या एका ठोक्यात अनेक वारंवारितांचे ध्वनी एकदम असतात, त्यामुळे श्रवणयंत्रणेचा मोठा भाग एकाच वेळी जागा होतो. शिवाय खर्जातला आवाज कानाला इजा न होता बराच मोठा करता येतो. विधींमधले ढोल ते प्रयोगशाळेत घेऊन आले आणि तपासता येईल असं गृहीतक मांडलं. त्या काळी हे धाडसाचं काम होतं.

पण १९६१च्या निबंधातून १९६२च्या निबंधात जाताना मध्ये एक मोठी दरी आहे. तिच्यावरचा पूल कच्चा आहे.

मोजलं एक, सांगितलं दुसरं

तुमच्या कानाशी सेकंदाला चार वेळा कुणी टाळी वाजवली, तर प्रत्येक टाळीला तुमचा मेंदू एक छोटासा विद्युत प्रतिसाद देणारच. चार टाळ्या, चार प्रतिसाद. म्हणजे ईईजीवर ४ हर्ट्झची लहर दिसणार. तुम्ही तंद्रीत असा, जागे असा किंवा उद्याच्या पेपरची काळजी करत असा. ही लहर एवढंच सांगते की मेंदूने आवाज ऐकला. मेंदूची अवस्था बदलली, असं ती सांगत नाही.

आता गोंधळ कुठे होतो बघा. ४ ते ८ हर्ट्झच्या पट्ट्याला थीटा म्हणतात. झोप लागतानाच्या, तंद्रीच्या अवस्थांमध्येही थीटा वाढलेला दिसतो. मग वाचणारा मनातल्या मनात गणित मांडतो: ढोलाने थीटा, तंद्रीत थीटा, म्हणून ढोलाने तंद्री. गाईला चार पाय, खाटेलाही चार पाय, तसलं हे गणित. एकाच वारंवारितेच्या दोन लहरी दोन वेगळ्या कारणांनी येऊ शकतात.

आणखी एक साधी गोष्ट. ईईजीमध्ये पापणीची हालचाल आणि जबड्याचे स्नायू मेंदूपेक्षा कितीतरी मोठा सिग्नल देतात. जवळ ढोलाचा ठोका पडला की माणूस बारीकसा दचकतो, पापणी हलते, मान किंचित डोलते. हे वेगळं काढल्याशिवाय ‘मेंदूची लहर’ म्हणणं धोक्याचं आहे. ईईजीचा कुठलाही निबंध हातात आला की पहिल्यांदा पद्धतीचा भाग उघडा आणि हालचालीचं काय केलं ते शोधा.

ठोका म्हणजे नेमकं काय?

दुसरी अडचण मोजमापाची आहे. ती समजायला यंत्र नको, हलगीवाला पुरेसा आहे. समजा हलगी मिनिटाला १२० मात्रांच्या लयीत चालली आहे. म्हणजे सेकंदाला २ मात्रा. प्रत्येक मात्रेत दोन ठोके पडत असतील तर सेकंदाला ४ ठोके झाले, चार पडत असतील तर ८. आता सांगा, या वादनाची गती किती? २, ४ की ८? मात्रा मोजल्या तर थीटाचा सिद्धांत बसत नाही. ठोके मोजले तर झकास बसतो.

आणि मग लग्नाच्या वरातीतला बँडही बसतो, गणपतीतलं ढोल-ताशा पथकही बसतं, दहीहंडीचा डीजेसुद्धा बसतो. जरा चढ्या लयीतलं जवळपास कुठलंही वादन घ्या, ४ ते ८ची काहीतरी मोजणी त्यात निघतेच. मग वरातीत कुणाच्या अंगात का येत नाही? जे गृहीतक कुठल्याही वादनाला लागू पडतं, ते चूक ठरण्याची सोयच उरत नाही. आणि चूक ठरूच न शकणारं गृहीतक संशोधनाच्या उपयोगाचं नाही. तुमच्या आराखड्यात ‘गती’, ‘ताण’, ‘एकाग्रता’ असला कुठलाही शब्द असेल, तर तो कसा मोजणार हे आकडे हातात येण्याआधी लिहून ठेवा. नंतर ठरवलंत तर हवं ते उत्तर मिळेल.

सगळ्यांच्या अंगात का येत नाही?

तिसरा आक्षेप सगळ्यात जुना आणि सगळ्यात जड. फ्रेंच संगीत-मानववंशशास्त्रज्ञ झिल्बेर रूझे यांनी १९८० साली संगीत आणि तंद्री या विषयावर जाडजूड ग्रंथ लिहिला. नेहर यांच्यावर त्यांचा शेरा प्रसिद्ध आहे. त्याचा आशय असा की, हे खरं असतं तर निम्मी आफ्रिका वर्षभर तंद्रीतच राहिली असती. शेरा खोचक आहे, पण तर्क सरळ आहे. कारण सगळ्यांपर्यंत पोहोचतं आणि परिणाम थोड्यांवरच होतो, तेव्हा ते कारण पुरेसं नसतं.

हा तर्क आपल्या डोंगरावर आणा. आरतीच्या वेळी देवळासमोर शेकडो लोक उभे असतात. संबळ सगळ्यांना सारखाच ऐकू येतो. संचार होतो तो मोजक्या जणींना, बहुतेकदा ज्यांना आधी झालेला असतो त्यांनाच. आणि आवाजाच्या सगळ्यात जवळ कोण असतं? वाजवणारा. रात्र-रात्र वाजवतो, प्रत्येक ठोका त्याच्या मनगटातून जातो. आवाज हेच कारण असतं तर पहिला नंबर त्याचा लागायला हवा होता. रूझे यांनी जगभरची उदाहरणं घेऊन हेच नोंदवलं आहे: संचाराच्या विधींमध्ये ज्याच्या अंगात येतं तो सहसा स्वतः वाजवत नसतो, त्याच्यासाठी दुसरं कुणीतरी वाजवत असतं.

उलट बाजूही बघा. दक्षिण इटलीत टॅरँटिझम नावाचा प्रकार होता. कोळी चावल्याची समजूत, त्यातून येणारा आवेग, आणि त्यावर उतारा म्हणून नाच. तिथे वाद्यांमध्ये डफासारखी खंजिरी होती, पण व्हायोलिनही तितकंच महत्त्वाचं होतं. म्हणजे ढोल असून संचार होत नाही, आणि मुख्य वाद्य ढोल नसतानाही आवेग येतो. तर्कशास्त्राच्या भाषेत, ढोल पुरेसा नाही आणि आवश्यकही नाही. हे दोन शब्द नीट वेगळे ठेवता आले तर निम्मी साहित्य-समीक्षा जमली म्हणून समजा.

ऐकणारा कुठे गेला?

नेहर यांच्या मांडणीत एका टोकाला आवाज आहे, दुसऱ्या टोकाला मेंदू आहे, आणि मध्ये माणूस नाही. गेल्या पंचवीस वर्षांतल्या चांगल्या प्रयोगांनी हीच जागा भरून काढली आहे. त्यातले दोन वाचाच.

पहिला २०११ सालचा, सिल्व्ही नोझारादान आणि सहकाऱ्यांचा. त्याची चव घ्यायला टेबलावर बोटाने एकसारखी टकटक करा आणि मनात ‘एक-दोन, एक-दोन’ मोजा. मग टकटक तशीच ठेवून ‘एक-दोन-तीन’ मोजा. आवाज बदलला नाही, पण ताल बदलला. केरव्याकडे झुकलेली टकटक दादऱ्याकडे गेली. प्रयोगात आठ जणांना सेकंदाला २.४ ठोक्यांचा आवाज ऐकवला आणि तो मनात दोन-दोनचा किंवा तीन-तीनचा धरायला सांगितलं. ईईजीवर २.४ हर्ट्झची लहर आलीच. पण दोनचा धरल्यावर १.२ हर्ट्झची आणि तीनचा धरल्यावर ०.८ हर्ट्झचीही लहर दिसली. या दोन गती आवाजात नव्हत्या. त्या ऐकणाऱ्याने घातल्या. म्हणजे लहरींच्या पातळीवरसुद्धा मेंदू ढोलाची नुसती नक्कल करत नाही.

दुसरा २००१ सालचा, अ‍ॅन ब्लड आणि रॉबर्ट झॅटोरे यांचा. संगीत ऐकताना अंगावर काटा येतो तेव्हा मेंदूत काय होतं, हे त्यांनी पेट स्कॅनने पाहिलं. संगीताचं शिक्षण घेतलेल्या १० जणांना स्वतःची आवडती, काटा आणणारी रचना आणायला सांगितली. काटा येताना मेंदूच्या बक्षिसाशी जोडलेल्या भागांत रक्तप्रवाह वाढला. हा निष्कर्ष सगळीकडे सांगितला जातो. पण मला यातली नियंत्रणाची युक्ती जास्त महत्त्वाची वाटते. एकाची आवडती रचना दुसऱ्याला तुलनेसाठी ऐकवली. तेच सूर, तीच लय. एकाला काटा, दुसऱ्याला काही नाही. फरक आवाजात असूच शकत नाही, कारण आवाज तोच आहे. फरक ऐकणाऱ्याच्या आयुष्यात आहे.

झॅटोरे यांच्याच गटातल्या वालोरी सलिमपूर यांनी २०११ साली पुढची पायरी गाठली. आवडती जागा येण्याआधीच्या वाट पाहण्यात आणि ती जागा आल्यावर, असं दोन्ही वेळा डोपामाइन सुटतं, पण मेंदूच्या वेगवेगळ्या भागांत. वाट पाहायची तर पुढे काय येणार हे माहीत असावं लागतं. मात्र एक गोष्ट सोडू नका. जाहिरातीला २१७ जणांनी प्रतिसाद दिला होता, आणि चाळण्या लावून शेवटी आठच जण निवडले, ज्यांना हमखास काटा येतो असे. त्यात चूक काही नाही, निबंधात ते स्पष्ट लिहिलं आहे. पण ‘संगीताने डोपामाइन वाढतं’ असा मथळा वाचाल तेव्हा ‘कुणाचं?’ हा प्रश्न विचारा.

एका माणसाचा पुरावा

मग कुणी खरंच विधीच्या जागी जाऊन ईईजी मोजला आहे का? मोजला आहे. जपानच्या त्सुतोमु ओहाशी आणि सहकाऱ्यांनी बालीतल्या एका विधिनाट्यात बिनतारी यंत्रणा वापरून तीन पुरुषांचा ईईजी घेतला. निबंध २००२ सालचा आहे. तिघे एकाच विधीत होते, संगीत एकच होतं. एकाला संचार झाला, दोघांना नाही. ज्याला झाला त्याच्या थीटा आणि अल्फा पट्ट्यांमधली शक्ती वाढलेली दिसली.

‘बघा, थीटा वाढला, नेहर बरोबर होते’ असं म्हणायचा मोह होईल. थांबा. आवाज तिघांना सारखा होता. ठोक्यांनी थीटा आणि थीटाने संचार, अशी साखळी असती तर तिघांचाही वाढायला हवा होता. थीटा हा संचाराचा परिणाम किंवा सोबती असू शकतो, कारण असेलच असं नाही. शिवाय हा एका माणसाचा पुरावा आहे. एका माणसाच्या पुराव्यावरून ‘असं घडू शकतं’ एवढं म्हणता येतं, ‘असं घडतं’ म्हणता येत नाही.

ज्युडिथ बेकर यांचं २००४ सालचं ‘डीप लिसनर्स’ हे पुस्तक इथे उपयोगी पडतं. त्यांचं म्हणणं असं की ऐकणं ही शिकलेली सवय आहे. कुठल्या संगीताला शरीराने कसा प्रतिसाद द्यायचा, हे माणूस आपल्या समाजात वाढताना शिकतो, आणि ते इतकं मुरतं की शिकल्याची आठवणही राहत नाही. देवीच्या नावाने संबळ सुरू झाला की काय होतं, हे आपल्याकडच्या बाईने लहानपणापासून आजीकडे, आईकडे पाहिलेलं असतं. याचा अर्थ ती नाटक करते असा नाही. मातृभाषाही शिकलेलीच असते, म्हणून कुणी ती बोलताना नाटक करत नाही.

ढोलाला पार मोडीत काढायचं का? नाही. जेसिका ग्रान आणि मॅथ्यू ब्रेट यांच्या २००७च्या अभ्यासात दिसलं की स्पष्ट ताल ऐकताना, शरीर स्थिर असूनही, हालचालीशी संबंधित मेंदूचे भाग जास्त सक्रिय होतात. ढोल शरीराला हालचालीसाठी तयार करतो, गर्दीला एका लयीत आणतो, ‘आता वेळ झाली’ हे सांगतो. ही मदत मोठी आहे. पण तिला कारण म्हणता येत नाही.

तुम्ही करणार असाल तर

हा विषय घ्यायचा असेल तर पहिल्याच दिवशी ईईजीच्या टोपीचा विचार करू नका. मोबाइलवरचं ध्वनिमुद्रण, घड्याळ आणि वही पुरेशी आहे. संबळाची लय रात्रभरात कशी बदलते आणि संचार नेमका कुठल्या क्षणी सुरू होतो, हे नोंदवा. आधी दोन्ही बाजूंचं भाकीत लिहून ठेवा. नेहर बरोबर असतील तर संचार ठराविक गतीपाशी सुरू व्हायला हवा, प्रसंग कुठलाही असो. ऐकणारा महत्त्वाचा असेल तर तो ठराविक आरतीला, ठराविक नावाला सुरू होईल, गती कितीही असो. मग तुलना जोडा: तीच व्यक्ती नवरात्रात आणि लग्नानंतरच्या गोंधळात, एकाच आरतीला जाऊ आणि नणंद. खर्च फारसा नाही, उत्तर मात्र खरं मिळेल.

संमतीचा प्रश्न आधी सोडवा. संचार झालेल्या माणसाकडून संमती घेता येत नाही. ती आधी, शांतपणे, घरच्यांच्या दबावाशिवाय घ्यावी लागते, आणि नंतर पुन्हा विचारावी लागते. चेहऱ्याचा व्हिडिओ गावभर फिरला तर तिचं नुकसान होईल, तुमचा प्रबंध मात्र सुरक्षित राहील. आणि निदान करायला जाऊ नका. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-११ मध्ये संचाराशी संबंधित विकाराची नोंद आहे, पण तो विकार ठरायला तो नकोसा, ताब्याबाहेरचा आणि त्रासदायक असावा लागतो, आणि समाजाने स्वीकारलेल्या धार्मिक प्रथेचा भाग नसावा लागतो. म्हणजे वैद्यकशास्त्रसुद्धा नुसत्या लहरी बघून ठरवत नाही. तिला त्रास होतो का, तिला हे हवं आहे का, हे आधी विचारतं.

तुमच्या प्रश्नावलीतही हेच प्रश्न वर ठेवा. तिला काय ऐकू आलं, कधीपासून येतं, उतरल्यावर कसं वाटतं. आणि संबळ वाजवणाऱ्या काकांनाही विसरू नका. इतकी वर्षं वाजवताय, तुमच्या अंगात कधी आलं का, हा प्रश्न त्यांना बहुधा कुणी विचारलेला नसेल.